बैठक हिंदीत, चहा मराठीत

गेल्या माघात एका लग्नाच्या निमित्ताने वारासिवनीला जाण्याचा योग आला. इंदूर आणि वारासिवनी ही एकाच राज्याची दोन टोके. आपल्याकडे कोणापाशी त्या गावाचे नाव काढले तर निम्मे लोक ‘सिवनी म्हणता का?’ असे विचारतात आणि उरलेले निम्मे विषय बदलतात. बालाघाट जिल्ह्यातले हे तालुक्याचे गाव, बालाघाटपासून पंधरा-सोळा किलोमीटरवर आणि गोंदियाला इतके लागून की बाजारातला पुष्कळसा व्यवहार मराठीत उरकतो. पोवारी, मराठी, हिंदी आणि बैहरच्या डोंगराकडून उतरणारी गोंडी अशा चार भाषा तेथे एका आठवडी बाजारात कानावर पडतात. 1956 साली राज्यांची फेररचना झाली तेव्हा नागपूर आणि विदर्भ मुंबई राज्यात गेले, बालाघाट मध्यप्रदेशात राहिला आणि आमचे इंदूर मध्यभारतातून त्याच नव्या राज्यात दाखल झाले. या योगायोगापायीच मी तरुणपणी, 1984 पासून तीन वर्षे, वारासिवनीला नोकरीवर होतो. तेव्हा बालाघाटहून कटंगीकडे जाणारी छोटी लाईन होती. त्या गाडीतून उतरताना मला काळ्या पाण्यावर आल्यासारखे वाटले होते, हे आज कबूल करावयास हरकत नाही.

लग्नघराला लागूनच एका कोष्ट्याचे घर होते. आपल्याकडे महेश्वरी साडीचे कौतुक काय सांगावे! अहिल्याबाईंनी विणकर आणून वसविले ही गोष्ट आपण पाळण्यापासून ऐकतो. परंतु वारासिवनीच्या हातमागालाही स्वतःचे घराणे आहे आणि 2023 मध्ये तेथल्या साडीला भौगोलिक मानांकनही मिळाले. जुनी ओळख सांगून मी आत गेलो. खड्ड्यातल्या मागावर एक वृद्ध गृहस्थ बसले होते, त्यांची सून रहाटावर कांड्या भरीत होती. बोलता बोलता धोट्यातली कांडी संपली. त्यांनी नवी कांडी घातली, धोटा तोंडाशी नेला, त्याच्या बारीक भोकाला ओठ लावून एक श्वास आत ओढला, तसे धाग्याचे टोक बाहेर आले. “आकडीनेही काढता येते,” ते म्हणाले, “पण तोंडाची सवय झाली.” आणि पुन्हा खटखट सुरू झाली.

हा एक श्वास पाहून मला जे आठवले ते वारासिवनीतले नव्हे, मुंबईतले होते.

मुंबईच्या कापडगिरण्यांत साचेखाते, म्हणजे विणकामाचे खाते, हे मजुरीच्या दृष्टीने वरचढ. साचेवाला हा गिरणगावातला मातब्बर माणूस. या खात्यात महार आणि इतर अस्पृश्य मानलेल्या समाजांतील कामगारांना प्रवेश नव्हता. त्यांनी रिंगखात्यात आणि असल्याच कमी मजुरीच्या कामांत राहावयाचे. कारण काय, तर हाच श्वास. धागा तोंडाने ओढावा लागतो, एकाचा धोटा दुसऱ्याच्या हाती जातो, मग उष्टे आणि विटाळ यांचे काय? ही बंदी मालकांनी काढलेली नव्हती. कामगारांनीच ती पाळली होती आणि मालकांनी ती चालू दिली होती. गंमत अशी की रसेल आणि रायबहादुर हिरालाल यांनी 1916 साली मध्य प्रांतातील जातीजमातींवर चार खंडांचा जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यात या प्रांतातील महार जाडेभरडे सुती कापड विणतात अशी स्पष्ट नोंद आहे. म्हणजे बापजाद्यांपासून माग चालविणाऱ्यांनाच मुंबईच्या मागापाशी फिरकण्याची मनाई!

याच भोकाचा इतिहास परदेशातही आहे. लँकेशायरचे विणकरही धोट्याला ओठ लावीत, अमेरिकेतल्या गिरण्यांतही हीच रीत होती. तिकडे विटाळाचा प्रश्न नव्हता, क्षयाचा आणि दातांचा होता. मॅसॅच्युसेट्स राज्याने 1911 साली कायदा करून तोंडाने ओढावयाचे धोटे बंद केले. इंग्लंडला त्यासाठी 1952 साल उजाडावे लागले. ओठ न लावता धागा ओवता येईल असे धोटे तोपर्यंत केव्हाच निघाले होते. सांगावयाचे एवढेच की, अडचण खरोखर तोंडाची असती तर ती एका सुताराने आणि एका लोहाराने मिळून सोडविली असती. आपल्याला ती सोडवावयाची नव्हती. भेदभाव करणाऱ्या माणसाजवळ असे एक शहाणे, कामाचे, बिनतोड कारण नेहमी तयार असते, आणि ते इतके साधे असते की कोणी उलट विचारीत नाही.

1928 साली एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत मुंबईच्या गिरण्यांत प्रचंड संप झाला. सुमारे दीड लाख कामगार बाहेर होते. संपसमितीने मालकांपुढे सतरा मागण्या ठेवल्या होत्या, पण साचेखात्याचे दार सर्वांना उघडा ही काही त्यांत नव्हती. डॉ. आंबेडकरांनी पुढाऱ्यांना सरळ सांगितले की गिरणीतल्या सर्व कामांवर अस्पृश्य कामगारांचा हक्क तुम्ही मान्य करणार नसाल, तर मी त्यांना तुमच्या संपात पडू नका असे सांगेन. पुढाऱ्यांनी ती मागणी नाखुषीने पदरात घेतली. ती मालकांपुढे गेली तेव्हा मालकांनी टोला हाणला की हा अन्याय असेल तर त्याचे धनी आम्ही नव्हे. आणि या एका बाबतीत मालकांचे म्हणणे अगदीच खोटे नव्हते! दार काही दुसऱ्या दिवशी उघडले नाही. दहा वर्षांनी, फेब्रुवारी 1938 मध्ये, मनमाडला जी. आय. पी. रेल्वेतील दलित कामगारांच्या परिषदेत बाबासाहेब साचेखात्याचे तेच गाऱ्हाणे पुन्हा मांडीत होते, आणि त्याला रेल्वेतले जोडीत होते. अस्पृश्य माणसाला गँगमन म्हणूनच राबविले जाते, पोर्टर म्हणूनही घेत नाहीत, कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरचीही कामे करावी लागतात! पाहा, येथेही एक कामाचे कारण हजर आहेच.

परंतु मला या हकीकतीत आणखी एक गोष्ट दिसते, आणि आपण जुनी संस्थानी मंडळी असल्याने ती आपल्याला अधिक टोचावी. हेच आंबेडकर 1917 साली बडोदे सरकारच्या नोकरीत होते. कोलंबिया विद्यापीठात शिकून आलेला माणूस. संस्थानचे अधिपती सयाजीराव, ज्यांच्या उदारपणाची उदाहरणे आपण मुलांना देतो आणि ज्यांच्या शिष्यवृत्तीवरच ते शिकले होते. तरीही कचेरीतले शिपाई त्यांच्या टेबलावर फायली दुरून टाकीत. राहावयाला घर मिळेना. एका पारशी धर्मशाळेत ते राहिले, आणि अकराव्या दिवशी काठ्या घेऊन आलेल्या जमावाने त्यांना तेथूनही घालविले. तोच माणूस, तीच बुद्धी, तीच वाणी. 1917 साली त्या वाणीचा कचेरीवर काडीचा परिणाम झाला नाही आणि 1928 साली पुढाऱ्यांना ऐकून घ्यावे लागले. मध्ये काय घडले? 1917 साली ते नोकर होते. 1928 साली ते बॅरिस्टर होते, कायदेमंडळाचे सभासद होते, त्यांची भाकरी गिरणीमालकाच्या हाती नव्हती आणि कामगारपुढाऱ्याच्याही हाती नव्हती.

कोल्हापुरास शाहू महाराजांनी याच रोगावर वेगळा उपाय केला. पाण्याच्या हौदाला हात लावला म्हणून पागेतल्या गंगाराम कांबळे यांना मार बसला, तेव्हा महाराजांनी त्यांना भर रस्त्यावर चहाचे दुकान घालून दिले आणि स्वतः लवाजम्यासह तेथे थांबून चहा घेऊ लागले. गंगाराम कांबळ्यांनी दुसऱ्या दिवशी पागेत जाऊन आपले म्हणणे निर्भयपणे मांडावे, असा उपदेश महाराजांनी केला नाही. आधी त्यांचे पोट त्या पागेतून सोडविले.

हे सारे मी पुस्तकातून सांगतो आहे. आता पुस्तकात नसलेले सांगतो.

वारासिवनीला मी एका सरकारी कचेरीचा प्रमुख होतो. खात्याचे नाव सांगत नाही, तेथली काही माणसे हयात आहेत आणि जी नाहीत त्यांची मुले आहेत. कचेरी लहान, चौदा-पंधरा माणसांची. योगायोग असा की मोठे बाबू, हिशेबनीस आणि आणखी दोघे मराठी बोलणारे होते. एक नागपूरकडचे, दोन बालाघाटातलेच, एक आमच्या ग्वाल्हेरचे. परमुलुखात आपली भाषा ऐकली की माणूस किती विरघळतो हे येथील वाचकांना मी सांगावयास नको. आपल्या घराण्यांनी दोनशे वर्षे होळकर, शिंदे, पवार यांच्या दरबारी मराठी जपली, ती अशाच कट्ट्यांवर आणि अशाच चहावर. महिन्याच्या पहिल्या शनिवारी कचेरीची बैठक होई. बैठक अर्थातच हिंदीत. विषयपत्रिका, इतिवृत्त, सर्व व्यवस्थित. बैठक संपली की आम्ही पाच जण माझ्या खोलीत चहाला बसत असू. तेथे सुधीर फडक्यांची गाणी निघत, घरच्या भाकरीची आठवण निघे, आणि सहजच कोणाला दौऱ्यावर पाठवावयाचे, धानकापणीच्या दिवसांत कोणाची रजा मंजूर करावयाची, रिकामे झालेले क्वार्टर कोणाला द्यावयाचे, हेही निघे. सोमवारी तसे हुकूम टंकलिखित होऊन सहीला येत. मला शपथेवर सांगता येईल की यात कोणावर अन्याय करावा असा आमचा हेतू नव्हता. चहा पिता पिता कामे होतात, यात वावगे ते काय?

बैहरकडचे एक गोंड तरुण आमच्याकडे नवे कारकून म्हणून लागले होते. अक्षर मोत्यासारखे. गोंडी त्यांची घरची, हिंदी शाळेची, मराठी त्यांना समजे पण बोलवत नसे. सहासात महिने त्यांनी तोंड उघडले नाही. एका बैठकीत शेवटी मी नेहमीप्रमाणे ‘आणखी कोणाला काही सांगावयाचे आहे काय?’ असे विचारले. हा प्रश्न ‘आता उठू या’ या अर्थी विचारावयाचा असतो, हे त्यांना अजून कळले नव्हते. ते उभे राहिले आणि म्हणाले, “साहब, यहाँ मीटिंग दो होती हैं. हिंदी वाली में हम सब बैठते हैं. फैसला मराठी वाली में होता है.”

खोलीत पंख्याचा आवाज तेवढा राहिला. मोठ्या बाबूंनी घसा साफ केला. मला प्रथम राग आला, हे खरे सांगतो. आपल्या भाषेत चार शब्द बोलण्याचीही आता चोरी काय, असे वाटले. रात्री मात्र झोप आली नाही. मागच्या वर्षाचे रजेचे अर्ज मी दुसऱ्या दिवशी काढून पाहिले. धानकापणीच्या पंधरवड्यात ज्यांना रजा मिळाली होती त्यांत मराठी बोलणारे जवळजवळ सर्व होते आणि न बोलणारा एक होता. आमच्यापैकी दोघांकडे शेतीच नव्हती.

पुढच्या महिन्यापासून मी चहा मोठ्या खोलीत आणविला आणि बोलणे हिंदीत ठेवले. मोठ्या बाबूंची म्हणजे फार पंचाईत झाली. त्यांची हिंदी कामापुरती. कोट्या आणि किस्से मराठीत, त्यामुळे कचेरीतले सर्वांत बोलके गृहस्थ चहाच्या वेळी बशीकडे पाहत बसू लागले. मला त्यांची कणव आली. ती कणव मला सात महिने त्या गोंड तरुणाविषयी का आली नाही, हा प्रश्न मी तेव्हा स्वतःला विचारला नाही.

एक बोलला की दुसऱ्याची जीभ सैल होते. दोन-तीन महिन्यांनी वृद्ध चपराशाने भर बैठकीत सांगितले की, टायपिस्ट बाई दहा ते तीन पाण्याचा घोट घेत नाहीत. नवऱ्याच्या मागे अनुकंपेवर लागलेल्या त्या बाई दोन वर्षे आमच्यात होत्या. कचेरीत एकच मुतारी, तीही मागच्या अंगणात उघड्यासारखी. मधल्या सुट्टीत त्या मागच्या गल्लीत एका शिंप्याच्या घरी जात. दोन वर्षे! आम्ही पंधरा माणसे रोज त्यांना पाहत होतो. बाई खाली मान घालून बसल्या होत्या. त्यांनी स्वतः ते कधीच सांगितले नसते आणि चपराशाने सांगितले याचा त्यांना आनंद झाला असेल असेही मला वाटत नाही. आडोसा बांधून व्हावयाला आठ महिने लागले, कारण एस्टिमेट दोनदा परत आले.

सर्वच काही सुधारले असे समजू नका. पूर्वी मराठी मंडळींचा माठ माझ्या खोलीबाहेर असे. चहाबरोबर माठही एक झाला, तसे आमचे हिशेबनीस घरून तांब्याभांडे आणू लागले. मी त्यांना कधी विचारले नाही. विचारले असते तर, पित्ताचा त्रास आहे, वैद्यांनी तांब्यातले पाणी सांगितले आहे, असे ते म्हणाले असते. मी मान डोलावली असती. धोट्याचे भोक ते हेच. त्यांचा तांब्या मी तेथे होतो तोवर टेबलाच्या कोपऱ्यावर होता. घासून लख्ख केलेला.

येथवरची हकीकत मी अनेकदा मित्रमंडळींत सांगितली आहे, आणि ती सांगताना मी थोडा चांगलाच दिसतो. पुढची कधी सांगितली नाही.

मार्चअखेर गोपनीय अहवाल लिहावयाचे असत. सी. आर. म्हणजे काय हे सरकारी घरांत वाढलेल्यांना ठाऊक आहे. वरिष्ठाने कनिष्ठाबद्दल बंद खोलीत लिहावयाचे, बंद पाकिटात पाठवावयाचे आणि त्याने ते कधी पाहावयाचे नाही. त्या तरुणाचा कागद पुढे आला. काम उत्तम, अक्षर उत्तम, वेळेवर हजेरी, सर्व लिहिले. शेवटच्या रकान्यात लिहिले, ‘स्पष्टवक्ते आहेत. सभेत बोलताना थोडा संयम हवा.’ मला ते वाईट लिहिले असे वाटलेच नाही. उलट वडीलकीने दोन शब्द लिहिले असे वाटले. माझ्या वरिष्ठांनी त्याखाली ‘सहमत’ म्हणून सही केली. पुढच्या वर्षी बढतीच्या यादीत त्यांचे नाव नव्हते. तेवढ्याच कारणाने नव्हते असे मी म्हणू शकत नाही, आणि नव्हते असेही म्हणू शकत नाही. वर्षभराने त्यांनी बैहरकडे बदली मागून घेतली.

म्हणजे मी भर बैठकीत ‘बोला’ म्हणालो, ते बोलले, मी चहा हलविला, माठ हलविला, स्वतःवर खूष झालो, आणि त्या बोलण्याची किंमत बंद पाकिटातून त्यांच्याच पगारातून वसूल केली. बरे, हे करणारा मी काही दुष्ट माणूस नव्हतो.

आज माझी नात येथे इंदूरला संगणकाच्या एका कंपनीत आहे. त्यांच्याकडे डायव्हर्सिटी आणि इन्क्लूजन यांचा मोठा गाजावाजा आहे. सर्व प्रांतांची, सर्व जातिधर्मांची मुलेमुली आहेत. एच. आर. वाले पंधरा दिवसांतून एकदा सर्वांना गोल बसवितात आणि मनात असेल ते मोकळेपणाने बोला म्हणतात. मी मोठ्या उत्साहाने तिला विचारले, “मग बोलतात का ग सगळे?” ती म्हणाली, “बोलतात आजोबा. कॉफी मशीनबद्दल.” नंतर तिने सांगितले की त्या गोलात जो मॅनेजर बसतो तोच वर्षाअखेर रेटिंग देतो. मला त्या मॅनेजरचा चेहरा न पाहताच ओळखीचा वाटला.

1947 च्या औद्योगिक विवाद कायद्याने शंभर किंवा अधिक कामगार असलेल्या कारखान्यांत मालक आणि कामगार यांच्या प्रतिनिधींच्या वर्क्स कमिटीची तरतूद केली होती. कल्पना उत्तम. परंतु अशा कमिट्यांची इतिवृत्ते ज्यांनी चाळली आहेत त्यांना विचारा. पंखे, पाणी, कँटीनची भजी. भज्यांबद्दल बोलल्याने कोणाची बढती अडत नाही, म्हणून भजी सुधारतात. त्यामानाने स्त्रियांच्या कामाच्या ठिकाणच्या छळासंबंधीचा 2013 चा कायदा मला अधिक शहाणा वाटतो. दहा किंवा अधिक माणसे असलेल्या प्रत्येक ठिकाणी अंतर्गत समिती हवी, तिची अध्यक्ष स्त्री हवी, निम्म्याहून कमी स्त्रिया नकोत, आणि एक सदस्य बाहेरचा हवा. हा बाहेरचा सदस्य मला फार महत्त्वाचा वाटतो. ज्याची भाकरी त्या कचेरीत नाही असा एक तरी माणूस त्या टेबलापाशी असावा, हे कायदा करणाऱ्यांना सुचले. जात, भाषा, प्रांत, खाणेपिणे यांविषयीच्या गाऱ्हाण्यांना असा बाहेरचा कान कोठे आहे? आपल्या सुशिक्षित घरांतले पुष्कळ निवृत्त न्यायाधीश, प्राध्यापक, डॉक्टर संध्याकाळी बागेत बसून कंटाळतात. त्यांना या कामी कोणी का बोलावू नये?

गोपनीय अहवालाचेही असेच. 2008 साली देव दत्त यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की सरकारी नोकराच्या वार्षिक अहवालातला प्रत्येक शेरा, बरा असो वा वाईट, त्याला कळविलाच पाहिजे. निकाल वाचला त्या दिवशी मी निवृत्तीच्या उंबरठ्यावर होतो. आधी वाटले, आता वरिष्ठ कोण मोकळेपणाने लिहिणार? मग माझ्या त्या दोन वाक्यांची आठवण झाली. ती त्या तरुणाला दाखवावी लागली असती तर मी लिहिली असती काय? छे. त्याच्या तोंडावर मी ‘शाब्बास’ म्हणालो होतो.

माझे मत विचाराल तर ज्याला ऐकून घ्यावयाचे आहे त्याने आधी आपली लेखणी टेबलावर उघडी ठेवावी आणि मगच समोरच्याला ‘बोला’ म्हणावे. हा क्रम उलटा झाला की मोकळा संवाद हा दुबळ्याला पकडण्याचा सापळा होतो. आपल्या मराठी मंडळींना हे सांगणे मला विशेष जरूर वाटते. या राज्यात आपण थोडे आहोत, म्हणून आपल्याला वाटते की आपण दाबले गेलेले आहोत. असूही कोठे कोठे. परंतु बंद खोलीतल्या चहावर आपलेच राज्य कित्येक वर्षे होते. आपण तेथे आपली भाषा जपली हे खरे, आणि तिच्याआड इतरही काही जपले, हेही खरे. घरी, सभेत, नाट्यगृहात मराठी शंभर वेळा बोलावी. ज्या टेबलावर दुसऱ्याची रजा ठरते तेथे त्याला कळेल असे बोलावे. एवढ्याने मराठी बुडेल अशी माझी तरी तिच्याविषयी समजूत नाही.

लग्नाच्या पंगतीत त्या वेळच्या चपराशाचा मुलगा भेटला. वडील जाऊन बरीच वर्षे झाली म्हणाला. त्याच्याजवळ बैहरच्या त्या गृहस्थांचा फोन होता. मी दोन दिवस तो चिठोरा खिशात घेऊन हिंडलो. इंदूरला परत निघावयाच्या सकाळी, गोंदियाच्या स्टेशनवर, शेवटी लावला. त्यांनी आवाज ओळखला नाही. नाव सांगताच मात्र ‘प्रणाम साहब’ म्हणाले. तेही निवृत्त झाले आहेत, धाकटी मुलगी शिक्षिका आहे. मी इकडचे तिकडचे बोललो, आणि मग घसा साफ करून त्या शेऱ्याचे सांगितले. चाळीस वर्षांनी.

पलीकडे क्षणभर काही ऐकू येईना. गाडीची घोषणा चालू होती, त्यामुळे फोन तुटला असे मला वाटले. मग ते हसले. “साहब, वो तो मुझे उसी साल मालूम हो गया था. लिफाफा आपके बड़े बाबू ने ही चिपकाया था.”

मी काय बोलावे हे मला सुचेना. त्यांनीच पुढे विचारले, “वहाँ इंदौर में, चाय अभी भी मराठी में होती है क्या?”